नऊ तारखेची फिल्म

४ डिसेंबर २०२३ला नौदल दिन आमच्या तारकर्लीत झाला तेव्हा अख्खा तालुका किनाऱ्यावर लोटला होता. मी लग्नांची शूटिंग करतो, म्हणून कॅमेरा घेऊन जागा धरायला निघालो. वाटेत शेजारच्या तात्यांना हाक मारली, तर ते पडवीत सुपारी कातरत बसलेले.

"चार तारखेक सगळो गाव धावता. नऊ तारखेक कोण येतलो?"

चार तारीख म्हणजे १९७१च्या युद्धात आपल्या नौदलाने कराचीवर केलेला हल्ला. त्यानंतर पाचच दिवसांनी, ९ डिसेंबरच्या रात्री, दीवजवळ पाकिस्तानी पाणबुडी हंगोरने आपली युद्धनौका आयएनएस खुकरी बुडवली. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक गेले, ६७ वाचले. त्यांतले एक तात्या, तेव्हा बावीस वर्षांचे. हे मला लहानपणापासून माहीत होतं, पण एवढंच.

पुढच्या उन्हाळ्यात त्यांनीच बोलावलं. "तुज्याकडे कॅमेरो असा मा? मग घे."

पहिले दोन दिवस फुकट गेले. लेपल माईक लावला की तात्या ताठ बसायचे आणि हिंदीत रिपोर्ट द्यायचे, वरिष्ठांसमोर उभे असल्यासारखा. खुकरीचे कॅप्टन मुल्ला जहाजाबरोबर बुडून गेले, तो प्रसंग मी विचारला तर म्हणाले, "सायबाचा सगळ्यांका म्हायत असा." तिसऱ्या दिवशी मी कॅमेरा तसाच चालू ठेवला आणि त्यांच्यासोबत आमसुलं पसरायला बसलो. खाली बघत, हात चालू ठेवून, मालवणीत बोलायला लागले.

शेजारच्या बंकवर गुहागरचा एक पोरगा होता. त्याचा साबण संपलेला. "माज्याकडे नवी वडी होती. मी म्हटलंय, सकाळी देतंय." मग पाणी, अंधार, आणि अंगभर काळं इंधन तेल. डोळ्यांत, कानांत, तोंडात. दुसऱ्या दिवशी आपल्याच जहाजाने उचललं, अंग धुवायला साबण दिला. घासून घासून कातडी सोलली तरी तेल निघेना, म्हणाले. आमसुलाच्या रसाने लाल झालेली बोटं त्यांनी धोतराला पुसली आणि पुढचं सूप ओढलं.

एडिटिंगला बसलो तर हात सवयीने गेला: व्हायोलिन, स्लो मोशन, मावळता सूर्य. तात्यांनी पाहिलं आणि म्हणाले, "लगनाची कॅसेट करतंस काय रे?" सगळं काढलं. राहिली ती अकरा मिनिटं, माडांत वारा, मधेच कोंबडा. वाऱ्याने दोन वाक्यं खाल्लीत, ती तशीच ठेवलीत.

९ डिसेंबरला देवळाच्या सभामंडपात चादर बांधून दाखवली. पस्तीसेक माणसं असतील. साबणाचा भाग आला तेव्हा काकी माझ्या शेजारी होत्या. लग्नाला पन्नास वर्षं होत आली, हे त्या पहिल्यांदा ऐकत होत्या.

"तरीच," त्या हळूच म्हणाल्या. "कपाटात कायम एक वडी कोरी लागता. माका हात लावूक देणत नाय."