टॉवेल वॉर्मर बसवताना वायरची बाजू चुकली, तो माझा अनुभव

आमच्या बाथरूमला खिडकी म्हणजे वर एक छोटी झडप, ती पण आतल्या डक्टमध्ये उघडते, त्यामुळे ऊन कधी येतच नाही. घरात माणसं चार, टॉवेल चार, आणि सकाळच्या आंघोळी झाल्या की चारही टॉवेल दारामागच्या हुकांवर एकावर एक. संध्याकाळी हात लावला तर वरचा पदर कोरडा आणि आतली घडी दमट. पावसाच्या दिवसांत तर तो कुबट वास धुतला तरी जायचा नाही, कोरडा असताना यायचा नाही पण तोंड पुसायला घेतला आणि जरा ओला झाला की लगेच यायचा. सासूबाई, म्हणजे मी त्यांना आईच म्हणते, थंडीत दमट टॉवेल अंगाला लागला की शहारायच्या, बोलायच्या काही नाहीत, पण आपला टॉवेल गुपचूप खोलीत नेऊन खुर्चीच्या पाठीवर पसरून ठेवायच्या. ते बघून मला फार वाईट वाटायचं. मग टाइल्स बदलायचं काम निघालं तेव्हा मी ठरवूनच टाकलं की ह्या वेळी गरम होणारी टॉवेल रेल बसवायचीच.

आधी वाटलं दुकानात जायचं, आवडेल ती घ्यायची, झालं. पण ह्यात मुळात दोन जाती आहेत. एक पाण्यावर चालणारी, म्हणजे थंड प्रदेशात घर उबदार ठेवायला बॉयलरचं गरम पाणी घरभर रेडिएटरच्या पाईपांतून फिरवतात त्याच लाइनला जोडायची, आणि दुसरी विजेवरची. (दोन्हीवर चालणारी पण येते, थंडीत बॉयलरवर आणि बाकी वर्षभर आतल्या हीटिंग रॉडवर.) आमच्याकडे बॉयलर नाही म्हणजे वीजच. प्लंबर म्हणाला गिझरच्या गरम पाण्याच्या लाइनमध्येच टाकू की, वीज वाचेल. ऐकायला छान वाटलं, पण नळ बंद केला की पाणी पाईपात उभं राहून गार होणार, मग टॉवेल वाळणार कशाने? शिवाय रोजच्या वापराच्या पाण्यात विरघळलेला ऑक्सिजन सतत नवा येत राहतो, साध्या लोखंडाची रेल त्याने आतून गंजते. बॉयलरच्या बंद लाइनमध्ये तेच तेच पाणी फिरतं म्हणून तिथे टिकते. तो विषय मी तिथेच सोडला.

विजेवरच्यात परत दोन प्रकार. एकात दांड्यांच्या आत पाणी आणि ग्लायकॉलचं मिश्रण भरलेलं असतं आणि खाली हीटिंग रॉड, दुसऱ्यात आत नुसती गरम होणारी केबल, तिला ड्राय म्हणतात. लिक्विडवाली तापायला वेळ घेते पण बंद केल्यावरही बराच वेळ कोमट राहते, ड्रायवाली पटकन तापते आणि पटकन गार होते, वजनालाही हलकी. आमच्या आंघोळी सगळ्या सकाळच्या दोन तासांत होतात म्हणून मी ड्राय घेतली. अजून एक कारण होतं ते पुढे येईलच.

मग वॅटचा प्रश्न. मला मनातून मोठी हवी होती, म्हणजे थंडीत बाथरूम पण उबदार होईल. दादा फिजिक्स शिकवतो, त्याला फोन केला तर तो म्हणाला आधी टॉवेलचं वजन कर. मला कळेना हा काय बोलतोय, पण केलं. स्वयंपाकघरातल्या काट्यावर कोरडा टॉवेल ५२० ग्रॅम, अंग पुसून झाल्यावर तोच ७०० ग्रॅम. म्हणजे एका टॉवेलमध्ये १८० ग्रॅम पाणी. एक ग्रॅम पाण्याची वाफ व्हायला साधारण २.४ किलोज्यूल उष्णता लागते, तर १८० ग्रॅमला ४३० च्या आसपास, म्हणजे ०.१२ युनिट वीज. चार टॉवेल मिळून अर्धा युनिट. दादा म्हणाला, बघ, १५० वॅटची रेल साडेतीन तासांत अर्धा युनिट वापरते, त्यातली थोडी उष्णता भिंतीत आणि हवेत जाईल, पण थोडं पाणी हवेनेही आपोआप वाळेल, तेव्हा तुझं काम भागतंय. खोली गरम करायची असेल तर मात्र १५० वॅटने काही होणार नाही, पूर्वीच्या शंभर वॅटच्या पिवळ्या बल्बची आठवण काढ, तसे दीड बल्ब. त्याला ५००-६०० वॅटची मोठी रेल लागते आणि तिच्यावरही टॉवेल टाकले की उष्णता टॉवेलखालीच अडते. हे ऐकून माझा गोंधळ एकदम संपला, मला टॉवेल वाळवायचे होते, खोली तापवायची नव्हती.

फिनिशबद्दलही एक गोष्ट सांगते, कारण मला दोघातिघांनी सांगितलं होतं की क्रोम घेऊ नको, क्रोम कमी गरम करतं. ते खरं आहे पण पाण्यावरच्या रेलसाठी. चकचकीत क्रोममधून उष्णता बाहेर पडायला अडखळते, रंग दिलेल्या रेलमधून सहज पडते, म्हणून तिथे त्याच मापाची रंगीत रेल जास्त उष्णता देते. ठरलेल्या वॅटच्या विजेवरच्या रेलमध्ये जेवढी वीज आत गेली तेवढी उष्णता बाहेर येणारच, क्रोम फक्त हाताला जरा जास्त तापलेलं लागेल. तरी मी क्रोम नाही घेतलं, स्टेनलेस स्टीलची ब्रश फिनिशची घेतली, गंजाची काळजी नको आणि पाण्याचे डागही कमी दिसतात.

दुकानात जाताना मी आमचा सगळ्यात जाड टॉवेल पिशवीत घालून नेला होता. हे मी अगदी कळकळीने सांगते, तुम्हीही न्या. फोटोत सगळ्या रेल सारख्याच दिसतात, पण प्रत्यक्षात काहींच्या दांड्या इतक्या जवळजवळ की घडी घातलेला टॉवेल मधून ओढून काढावा लागतो, आणि काहींमध्ये दांडी आणि भिंत ह्यांच्यात हातच जात नाही. रोज चार माणसं ती ओढाताण करणार. मला जी पसंत पडली तिच्यात मध्ये मध्ये मोठी जागा सोडलेली होती, टॉवेल वरून टाकला की सरळ खाली उतरला.

आता मुख्य गोष्ट, जागा आणि वायर. बाथरूममध्ये विजेचे झोन असतात हे मला माहीत नव्हतं, वायरमन काकांनी समजावलं. शॉवर किंवा टबच्या वरची सव्वादोन मीटरपर्यंतची जागा एक झोन, त्याच्या बाहेरचे ६० सेंटीमीटर दुसरा झोन, आणि त्या दुसऱ्या झोनमध्ये जे काही विजेचं लावाल ते निदान आयपीएक्स४ पाहिजे, म्हणजे कुठूनही पाणी उडालं तरी आत जाणार नाही असं. स्विच मात्र बाथरूमच्या बाहेरच, आणि लाइनवर ३० मिलीअँपिअरचा आरसीसीबी, म्हणजे वीज कुठे गळली की लगेच लाइन तोडणारा स्विच, पाहिजेच. काका म्हणाले, ताई, अर्थिंग नसेल तर मी ही रेल जोडणारच नाही, ओल्या अंगाने लोखंडाला हात लावायचाय तुम्हाला. त्यांनी हे इतकं ठाम सांगितलं त्याचं मला बरंच वाटलं. आम्ही शॉवरपासून मीटरभर लांबची, बेसिनच्या बाजूची भिंत ठरवली.

आणि इथेच चूक झाली. टाइल्सवाल्या मिस्त्रींना घाई होती, ते म्हणाले पॉइंट कुठे काढायचा ते सांगा, उद्या प्लास्टर करतोय. रेल अजून घरी आलीच नव्हती. मी दुकानात बघितलेलं आठवून सांगितलं की खाली डाव्या बाजूला. काकांनी झिरी मारून पाईप टाकला, डबी बसवली, वर टाइल्स लागल्या, ग्राउट भरून झालं, सगळं सुंदर दिसत होतं. चार दिवसांनी रेल आली, खोकं उघडलं तर वायर खालच्या उजव्या पायातून बाहेर येत होती. मी मटकन खाली बसले. इतके महिने मनात धरून ठेवलेलं काम आणि नव्या टाइल्सना परत हात लावायचा?

ड्राय घ्यायचं दुसरं कारण म्हणाले ना, ते इथे कामाला आलं, निदान अर्धं तरी. लिक्विडवाली रेल उलटी लावता येत नाही, हीटिंग रॉड खालीच आणि पूर्ण बुडालेलाच राहायला हवा, नाहीतर कोरडा तापून जळतो. आमच्या ड्राय रेलच्या माहितीपत्रकात उलटी लावली तरी चालेल असं स्पष्ट लिहिलेलं होतं. पण ती फिरवली की खालचा उजवा पाय वर डावीकडे जातो, बाजू बरोबर आली आणि उंची चुकली, डबी खाली आणि वायर वर! त्या डबीशी जुळवायचं तर अख्खी रेल गुडघ्याच्या खाली आली असती. नवरा म्हणाला बाहेरून वायर झाकायची केसिंग पट्टी मारू, ती पण ओल्या भिंतीवर काकांना पटली नाही. शेवटी खालच्या डबीपासून सरळ वर झिरी मारायची ठरली, त्यात तीन टाइल्स फुटल्या. नशिबाने जास्तीच्या टाइल्स ठेवल्या होत्या. मिस्त्री नाराज झाले, मीही झाले, दोन दिवस आणि वरचे पैसे गेले. रेल हातात येईपर्यंत पॉइंट काढू द्यायला नको होता, एवढं प्लास्टर चार दिवस थांबलं असतं तर काही बिघडत नव्हतं. खोक्यात खऱ्या मापाचा कागदी टेम्प्लेट येतो, पायांची भोकं आणि वायरची जागा त्यावर छापलेली असते, तो भिंतीला चिकटवला की बोलायचंच काम उरत नाही.

ड्रिलिंगच्या वेळी मी स्वतः उभी होते. जिथे भोक तिथे आधी मास्किंग टेप लावली म्हणजे बिट घसरत नाही, टाइलसाठी डायमंड बिट, हळू स्पीड, हॅमर मोड पूर्ण बंद आणि नवरा स्पंजने पाणी सोडत होता. टाइल पार झाल्याचं हाताला लगेच कळतं, आवाज बदलतो, किरकिर जाऊन घुमल्यासारखा येतो, मगच बिट बदलून मागच्या भिंतीत हॅमर लावला. रावल प्लग, म्हणजे स्क्रू धरून ठेवणारी प्लास्टिकची नळी, टाइलच्याही आत सरकवून विटेपर्यंत न्यायचा, कारण स्क्रू आवळला की तो फुगतो आणि टाइलमध्येच फुगला तर टाइल तडकते. भोकात थोडं सिलिकॉन भरून मग स्क्रू, म्हणजे मागे ओल जात नाही.

काकांनी रेलच्या पत्र्यापासून अर्थपर्यंत मीटर लावून बघितलं, आरसीसीबीचं टेस्ट बटण दाबून ट्रिप होतोय ना ते बघितलं आणि मग बाहेरून स्विच टाकला. पहिल्या अर्ध्या तासात जरा नव्या धातूचा वास आला, तो दोन दिवसांत गेला. वीस मिनिटांत वरची दांडी चांगली गरम.

स्विचच्या जागी आम्ही टायमर बसवला, सकाळी चार तास आणि रात्री दोन. म्हणजे दिवसाला ०.९ युनिट, महिन्याला २७. चोवीस तास चालू ठेवली असती तर १०८ झाले असते. टॉवेल एकच घडी घालून पसरायचा, चार घड्या घातल्या की आतला भाग पूर्वीसारखाच दमट राहतो. आणि एक्झॉस्ट फॅन लावायचाच, टॉवेलमधलं पाणी जातं कुठे, हवेतच ना, फॅन नसेल तर तेच पाणी आरशावर आणि छताच्या कोपऱ्यात जाऊन बुरशी धरतं. पहिल्या आठवड्यात मी फॅन विसरायचे तर सगळा आरसा धुरकट.

एक गोष्ट मला आधी सुचली नव्हती. आई पाय पुसताना आधाराला हात टाकायच्या तो नेमका रेलवर. ती टॉवेलचं वजन पेलायला बनवलेली आहे, माणसाचं नाही, आणि तापलेली असताना हात दचकून सुटला तर आणखी वाईट. त्याच आठवड्यात शेजारी, त्यांच्या हाताच्या उंचीवर एक वेगळा भक्कम ग्रॅब बार लावून घेतला. आता त्या एका हाताने बार धरतात आणि दुसऱ्याने टॉवेल घेतात. परवा मला बाथरूममधून हाक मारली, म्हटलं काय झालं, तर टॉवेल गालाला लावून उभ्या होत्या, म्हणाल्या, ‘अगं, हात लावून बघ ना.’ त्यांच्या खुर्चीची पाठ हल्ली मोकळी असते.

दुसऱ्या बाथरूमच्या टाइल्स पुढच्या महिन्यात निघतायत. ह्या वेळी रेल आधीच आणून ठेवलीय, आणि कागदी टेम्प्लेट जुन्या टाइल्सवरच चिकटवून वायरच्या जागी लाल पेनाने मोठ्ठा गोल केलाय.