शिवसागराच्या पलीकडे

कासचं पठार मागे टाकून गाडी बामणोलीला उतरली. पठारावर थांबलो नाही. २०१२ मध्ये ते जागतिक वारसा यादीत गेल्यापासून तिथे कॅमेऱ्यांना तोटा नाही. मला कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयापलीकडची वस्ती हवी होती. आम्हा माहितीपटवाल्यांना दुर्गम गावांची हावच असते. पोहोचायला जितकं अवघड, तितकं फुटेज भारी वाटतं.

लाँचमध्ये सिमेंटची पोती, गॅसची टाकी आणि रात्रीच्या गाडीनं मुंबईहून आलेला एक माथाडी कामगार. वाशीच्या बाजारात पोती उचलतो. त्याच्याच घरी उतरलो. ड्रोन मात्र पिशवीतच राहिला. अभयारण्यात उडवायला वनखात्याची परवानगी लागते. बरंच झालं, नाहीतर दिवसभर आभाळातूनच बघत बसलो असतो.

पडवीत कॅमेरा लावून त्याच्या आजोबांना विचारलं, “इतक्या आडबाजूला कसं जमतं?”

“आडबाजू? धरण नव्हतं तवा नदी वलांडून चालत जायचो जुन्या बामणोलीला. पानी आलं आन् आमी लांब गेलो.”

माझे पुढचे सगळे प्रश्न तिथेच बाद झाले. साठच्या दशकाच्या सुरुवातीला कोयनेचं पाणी चढलं, खोऱ्यातली खाचरं, देवळं, वाटा बुडाल्या. कुणी ठाणे-रायगडकडे गेलं, कुणी डोंगरात वर सरकलं. साठा १०५ टीएमसीचा. त्यातलं पाणी सह्याद्रीच्या पोटातून पोफळीला जाऊन वीज करतं आणि वाशिष्ठीत उतरतं. १९६७ च्या ११ डिसेंबरला पहाटे भूकंप झाला. “आधी हंडं वाजाय लागलं,” म्हातारबा सांगतात. मग १९८५ ला अभयारण्य, २०१० ला व्याघ्र प्रकल्प. ज्या निर्मनुष्य देखाव्यासाठी मी आलो, तो माझ्या वडिलांच्या पिढीपासून घडत आला होता.

रात्री म्हातारबा नाचणीच्या राखणीला माळ्यावर निघाले, मीही मागोमाग. अंधारात चित्रीकरण जमेना, म्हणून नुसता आवाज घेत बसलो. मध्येच खालच्या अंगाला काटक्या मोडल्या. गवा असावा. म्हातारबांनी पत्र्याचा डबा बडवला.

“पळतो का यानं?”

“छ्या. आपल्याला झोप लागू नये म्हनून वाजवायचा.”

नातू शेजारी घोंगडीवर गाढ झोपला होता. गावी आलं की तो फक्त झोपतो, असं त्याची आजी म्हणत होती.

सकाळी भाकरी खाताना म्हातारबांनी माझं वेळापत्रकच बदललं. “आत्ता काय घावनार? मे मदी या. पानी उतरतं, जुन्या घरांची जोती उघडी पडत्यात, आन् मुंबईवाली बी येत्यात.”

मे महिना पक्का केला आहे. त्याआधी वाशी. नातवाच्या कामाची जागा बघायची आहे; माहितीपट बहुधा तिथूनच सुरू करीन.