गेरूखालचा गुलमोहर

जूनमध्ये सकाळी साडेसहाला फोन आला. "साहेब, तुम्ही पास केलेला गुलमोहर पडला."

पास केलेला! पण खरंच होतं. आदल्या ऑगस्टच्या शेवटी मीच त्या सोसायटीची झाडं तपासून 'सुस्थितीत' असा शेरा मारला होता.

पोचलो तर झाड पार्किंगच्या पत्र्यावर आडवं. खाली कुणी नव्हतं, एवढंच नशीब. वारा नव्हता, रात्रभर नुसती झिमझिम. शेंड्याला अजून फुलं होती, पाला हिरवागार. "एवढं चांगलं झाड कसं पडलं?" असं तिघांनी विचारलं. पाला बघून झाड जोखणारे लोक पावडर बघून तब्येतही सांगत असतील.

मुळं वीत-वीतभरावर तुटलेली. एक अंगठ्यानं दाबलं तर पाणी सुटलं, आणि पांढुरके धागे नखाला चिकटले. खोडावर मोगरी मारली. छातीच्या उंचीवर अगदी खणखणीत आवाज. गेल्या वर्षी तिथेच ठोकलं होतं. ही कूज मुळांत आणि बुंध्याच्या तळाशी असते, खाली वाकून सळई खुपसल्याशिवाय सापडत नाही. आमच्या फॉर्ममध्ये मुळांसाठी रकानाच नाही. असता तर मी वाकलो असतो का, ठाऊक नाही.

मागच्या अंगाला, जमिनीलगत ती दिसली. गॅनोडर्मा, लाकूड कुजवणारी बुरशी. पंजाएवढी, मूत्रपिंडाच्या आकाराची, वरून लाखेनं घोटल्यासारखी तांबडी, कडेला पांढरी किनार. खालच्या पांढऱ्या अंगाला सुईच्या टोकाएवढी छिद्रं. नख ओढलं की तपकिरी रेघ उमटते. आजूबाजूला कोकोसारखी पूड सांडलेली, ते बीजाणू. आम्ही रिपोर्टात जातीचं नाव सवयीनं 'ल्युसिडम' लिहितो. ते नाव 1781 साली इंग्लंडमधल्या नमुन्याला दिलेलं. आपल्याकडची बहुधा निराळीच जात. झाडाला त्यानं काय फरक पडतो म्हणा. लाकडातलं लिग्निन आणि सेल्युलोज दोन्ही खाते, उरतो तो ओला स्पंज.

माळीकाका शेजारी उभे होते. "हे होय? दरवर्षी येतं की! पंधरा ऑगस्टच्या आधी खुरप्यानं उडवतो आन् वरनं गेरू-चुना मारतो. घाण दिसतं ना."

त्यांना काय बोलणार? आंबे उतरवले म्हणून आंब्याचं झाड मरत नाही, तसंच हे. बुरशी आत लाकडात, बाहेर दिसतं ते फळ. त्यांना हे कुणी कधी सांगितलं होतं? सहा वर्षांपूर्वी ड्रेनेजच्या चरासाठी एका बाजूची जाड मुळं जेसीबीनं तोडणाऱ्यांना तरी कुणी सांगितलं होतं?

कमिटीतले एक काका म्हणाले, "हे ते रेशी, औषधी मशरूम ना? कॅप्सूल मिळतात बघा." मी नको म्हणेपर्यंत त्यांनी ते पेपरात गुंडाळलंसुद्धा.

सेक्रेटरींनी जुन्या रिपोर्टची कॉपी मागितली, म्हणून रात्री फाइल उघडली. बुंध्याचा फोटो मोठा करून पाहिला. डावीकडे, जमिनीलगत, गेरूचा पंजाएवढा डाग बाकीच्यापेक्षा गडद आहे. फोटो मीच काढलेला.