माळ कुणाच्या हातची?

लोणंदच्या तळावरून ज्ञानोबा माउलींची पालखी निघाली तेव्हा माझ्या कपाळावरचा गंध घामाने ओघळून भुवईत उतरला होता. सकाळी रस्त्यात एका पोराने पितळी ठसा दाबून दहा रुपयांत उमटवून दिलेला. दिंडीतल्या एका मावशींनी पदराने तो पुसला. पिशवीतून गोपीचंदनाची वडी काढली, तळहातावर चार थेंब पाण्यात उगाळली आणि बोटाने उभी रेघ ओढून मधोमध बुक्का लावला. सगळा वेळ त्यांचे ओठ रामकृष्णहरी म्हणत होते. मग माझ्या गळ्याकडे बघत त्यांनी विचारलं, "माळ कुणाच्या हातची हाय, माउली?"

"आळंदीत घेतली, मावशी. दुकानातनं."

"घेतली ते दिसतंय. घातली कुणी?"

मला उत्तर देता आलं नाही. माझ्या आज्याला लोक माळकरी म्हणायचे. त्या एका शब्दात सगळं कळायचं: हा माणूस दारूला शिवत नाही, मटण खात नाही, एकादशी मोडत नाही, वारी चुकवत नाही. सोयरीक जुळवताना, उसने पैसे देताना लोक त्या शब्दावर भरवसा ठेवायचे. आज्याने ज्ञानेश्वरीवर ठेवलेली माळ महाराजांच्या हातून घालून घेतली होती. मी तशीच तुळशीची माळ पैसे मोजून आणली आणि आरशासमोर उभं राहून घातली. मणी तेवढेच, एकशे आठ. पण माझ्या गळ्यात बघून कुणी काय ओळखावं? खूण वापरातून गेली की ती मेली असं आपण समजतो. वारीत चालताना मला उलटंच दिसत होतं. माळा कधी नव्हत्या इतक्या गळ्यांत आहेत, आणि तिथेच त्यांच्यातला नेम गळून चाललाय.

चांदोबाच्या लिंबाला उभं रिंगण लागलं. दिंड्या रस्त्याच्या दोन्ही कडांना सरकल्या, मधे वाट मोकळी झाली. टाळांचा आवाज छातीत घुमायला लागला. अंकलीच्या शितोळे सरकारांकडून दरवर्षी येणारे दोन अश्व. एकावर जरीपटका घेतलेला स्वार, दुसऱ्याच्या पाठीवर कुणीच नाही. ते वाऱ्यासारखे गेले आणि परत फिरले. माझ्या शेजारी कॉलेजातला एक मुलगा उभा होता, पहिल्यांदाच आलेला. त्याने अगदी काळजीने विचारलं, "दुसऱ्या घोड्यावरचा माणूस पडला का हो?"

मी सांगणार तोच मावशी म्हणाल्या, "बसलेत की. माउली बसलेत." आणि वाकून टापांखालची माती चिमटीत घेऊन त्याच्या कपाळाला लावली.

ज्ञानोबांनी 1296 साली समाधी घेतली. पण वारीच्या जगात ते रोज पहाटे उठतात, नीरेत स्नान करतात, तळावर विसावतात, घोड्यावर बसतात. हे सगळं जग भावावर उभं आहे. तो जिथे पातळ होतो तिथे घोडा नुसता घोडा उरतो आणि खोगीर रिकामं दिसतं. त्या मुलाचा यात काय दोष? त्याला कुणी सांगितलंच नव्हतं. मला आज्याने खांद्यावर बसवून दाखवलं होतं, म्हणून मला दिसतं. मी माझ्या मुलीला अजून एकदाही आणलेलं नाही.

संध्याकाळी तरडगावच्या तळावर समाज आरती झाली. पालखीभोवती सगळ्या दिंड्या गोळा, टाळ-मृदंगाने कानांना दडे बसलेले. चोपदारांनी चोप, म्हणजे हातातली काठी, उंचावला, लांबलचक "हो" उमटला आणि एवढा समुदाय एका क्षणात गप्प झाला. एकाच दिंडीचे टाळ वाजत राहिले. म्हणजे त्यांची काही तक्रार होती. चोपदार चालत त्यांच्याकडे गेले, ऐकून घेतलं, मग ते टाळ थांबले. मला वाटतं, ती काठी अजून जिवंत आहे ती याच्यामुळे. ती उचलणारा ऐकायला जातो, हे सगळ्यांना ठाऊक आहे.

रात्री मी गळ्यातली माळ काढली आणि आमच्या वीणेकरी बुवांपुढे धरली. "बुवा, तुमच्या हातानं घाला."

त्यांनी ती ज्ञानेश्वरीवर ठेवली. "एकादशी?"

"धरीन."

"मद्य-मांस?"

"सोडलं."

"वारी? दरसाल?"

मी रजेचा, घरच्यांचा, कामाचा हिशेब करत राहिलो. तोंडून "हो" निघेना. बुवा रागावले नाहीत. माळ त्यांनी कागदात गुंडाळून माझ्या हातात दिली आणि म्हणाले, "घाई न्हाई. हो निघंल तवा ये."

पंढरपुरात कळसाला हात जोडले तेव्हा ती पुडी खिशात होती. आता देवघरात ज्ञानेश्वरीपाशी आहे. तेव्हापासून एकादशी चुकलेली नाही. यंदा मुलीला घेऊन लोणंदला जातोय. बुवांना आधीच फोन करून ठेवलाय.