राजा गेला, मग चौघडा कसा वाजंल?

गेल्या पावसाळ्यात एका ऑडिओ-मालिकेचं काम आलं. कल्पित राज्य, म्हातारा राजा मरतो, राजवाड्यावर वाद्यं वाजतात, असा प्रसंग. मी साउंड डिझायनर. दिग्दर्शकांनी संगणकावर केलेला नमुना पाठवला होता: आर्मेनियाचा दुदुक, जपानचे ताइको, मागे पुरुषांचा घुमणारा कोरस. हल्ली कुठलंही कल्पित राज्य असंच वाजतं आणि मला त्याचा वीट आलाय. खरी वाद्यं घेऊ म्हणून मी हट्ट धरला आणि साताऱ्याकडचा सनई-चौघड्याचा ताफा व एक तुतारीवाला पुण्यात बोलावला.

तुतारीपाशीच अडलं. नमुन्यातली धून कोमल गंधारावर उभी. तुतारीला भोकं नसतात. ओठांचा ताण बदलून नळीचे नैसर्गिक स्वर तेवढे निघतात. षड्ज, पंचम, वरचा षड्ज, मग शुद्ध गंधार. कोमल गंधार त्या नळीत नाहीच. ‘नंतर सॉफ्टवेअरमध्ये उतरवू’ असा सल्ला मिळाला. मी नाही म्हणालो. स्वर असा ओढून बसवला की पितळेची धार जाते. अख्खी धून तुतारीच्या पट्टीत नव्यानं बांधली, माइक कर्ण्यासमोरून काढून बाजूला लांब ठेवला. तो टेक मी अजूनही अभिमानानं ऐकवतो.

नगाऱ्याचं कातडं दमट हवेनं सैल पडलेलं. स्टुडिओत जाळ करता येईना, म्हणून पार्किंगच्या पत्र्याखाली शेकून घेतलं. तोवर सनईवाले मामा पत्ती ओठांत भिजवत बसले होते. शेजारी सूर धरणारा त्यांचा पुतण्या: गाल फुगलेले, श्वास नाकानं आत, आणि षड्ज कुठे तुटत नाही. वाजवण्याआधी मामांनी विचारलं, “साहेब, राजा गेला म्हणताय न्हवं? मग चौघडा कसा वाजंल?”

दिग्दर्शक म्हणाले, “काका, हे काल्पनिक आहे. तिथं तसा नियम नाही.”

“बरं. मग नियम काय हाय ते सांगा. कुणी वाजवायचं, कुठल्या पारी, कुणाच्या सांगण्यावरनं थांबायचं? आमच्या घरात सुतक आलं तर देवळातली आमची पाळी दुसऱ्या घराकडं जाती.”

उत्तर कुणाकडेच नव्हतं. त्या राज्याच्या टिपणात तलवारींच्या मुठींपर्यंत तपशील होता. संगीतापुढे मात्र ‘प्राचीन, भव्य, गूढ’ एवढे तीनच शब्द. आपल्याकडे दरबारात कुणी थोर गेलं की नौबत बंद ठेवत. रायगडावर नगारखाना थेट सिंहासनाच्या समोर आहे. तो वाजत नाही म्हणजे काय, हे दरबारात उभ्या माणसाला सांगावं लागत नसणार. असा सोहळा कधी गप्प होतो हे ठरलेलं नसेल, तर त्याचं वाजणंही मला खरं वाटत नाही. हे मला इतक्या वर्षांत कुणी शिकवलं नव्हतं.

मग तिथेच बसून ठरवलं. रोजचा चौघडा चालू आहे, बातमी येते, आणि आवर्तन अर्ध्यावर तुटतं. मामांनी सनई ओठांवरून काढली, सूर थांबला, नगारावाल्यानं शेवटच्या ठोक्यावर तळवा टाकून कातड्याची घुमार दाबली. मागून एकट्या तुतारीची एक हाक. पुढे नवा राजा बसेपर्यंत काहीच नाही. दिग्दर्शकही त्या वेळी हेडफोन काढून “हेच” म्हणाले.

अंतिम मिक्समध्ये त्या शांततेखाली व्हायोलिनांचा थर आला. ‘श्रोत्याला वाटेल फाइल बंद पडली’, असं कारण दिलं गेलं. श्रोत्यांना इतकं कच्चं समजण्याची ही सवय मला पटत नाही. मी भांडलो, हरलो. पण एक शंका जात नाही: मामांनी ज्या रिवाजाला धरून वाद्यं थांबवली, तो रिवाज त्यांच्या घराण्याचा. एका कल्पित राज्याला तो असा परस्पर देऊन टाकण्याचा अधिकार मला होता का? पैसे दिले, नावं श्रेयनामावलीत घातली. त्यानं हा प्रश्न मिटत नाही.

मामांचा फोन आला तेव्हा मिक्समध्ये काय झालं ते सांगितलं आणि दोन्ही फाइली पाठवल्या. राज्याभिषेकाचा भाग अजून व्हायचाय. त्याचा नमुना मागवण्याआधी मी साताऱ्याला जाणार आहे: बंद नगारखाना उघडताना पहिला ठोका कुणाचा, हे मामांनाच विचारायला, आणि त्यातलं काय वापरलेलं त्यांना चालेल तेही.