चेहरा ब्लर केला की झालं?

'चेहरा ब्लर करताच ना, मग परवानगीचा एवढा घोळ कशाला?' हॉस्पिटलच्या माहितीपटांवर काम करणाऱ्या आम्हा लोकांना हे सतत विचारलं जातं. तुम्ही विचारलंत म्हणून एकदा लिहूनच टाकतो.

ब्लर बसतो चेहऱ्यावर. हातावरचं गोंदण, मनगटावरचा पट्टा, मॉनिटरच्या कोपऱ्यातलं नाव, सिस्टरने मारलेली हाक, हे सगळं उघडंच राहतं. पेशंटने मान वळवली की चेहऱ्यामागे ब्लर सरकवणारं ट्रॅकिंग सुटतं आणि दोन-चार फ्रेम चेहराही दिसतो. म्हणून एकेक फ्रेम तपासायची, आवाज वेगळा ऐकायचा.

आणि एवढं करूनही काय होतं? न्यूयॉर्कमध्ये 2011 साली ट्रकखाली आलेला एक माणूस इमर्जन्सीत आणला, तो वाचला नाही. कॅमेरा चालू होता. त्याला विचारलं नव्हतं, घरच्यांनाही नाही. पुढच्या वर्षी ते टीव्हीवर दाखवलं, चेहरा ब्लर करून, आवाज बदलून. त्याची बायको घरी तोच कार्यक्रम बघत होती. पडद्यावरचा माणूस बायकोची चौकशी करत होता. तिने नवऱ्याला ओळखलं, आणि त्याचा मृत्यू टीव्हीवर पाहिला. 2016 मध्ये त्या हॉस्पिटलने 22 लाख डॉलर भरले. त्याच सुमारास ब्लर केलेलं चालणार नाही, लेखी परवानगी आधीच हवी, असं तिथल्या सरकारनेही स्पष्ट केलं.

तरी आम्हाला गिधाडं म्हणू नका. परवानगी नीट घेणारे खूप आहेत. ऑपरेशनच्या आदल्या दिवशी, वॉर्डात, फॉर्म मराठीत वाचून दाखवायचा. ओटीच्या दारात ट्रॉलीवर सही घ्यायची नाही. डॉक्टरांना खोलीबाहेर पाठवायचं, कारण त्यांच्यासमोर नाही म्हणायला पेशंटची जीभ रेटत नाही. आपण स्क्रब, म्हणजे ओटीतले डॉक्टरांसारखे कपडे, घातलेले असतो, तेव्हा 'मी हॉस्पिटलचा नाही' हे आधी सांगायचं. एडिट झाल्यावर दाखवून पुन्हा विचारायचं.

बेशुद्ध आलेल्याचं काय? 'आधी रोल करा, म्हणजे कॅमेरा चालू करा, नको म्हणाला तर पुसू,' असं मीच पूर्वी ठासून सांगायचो. पण पुसेपर्यंत कॅमेरामन, असिस्टंट, एडिटर यांनी ते पाहिलेलं असतं. कॅमेरा बंद ठेवला, तर रात्री दोनला कॅज्युअल्टीत एकटा रेसिडेंट डॉक्टर काय काय निभावतो हे लोकांना कधीच दिसत नाही. तेही मला सहन होत नाही.