माझा माणूस अजून लंगडतोय

सकाळपासून एका माणसाला चालवतेय. कागदावरच्या.

रिचर्ड विल्यम्स यांचं २००१ सालचं ‘द ॲनिमेटर्स सर्व्हायव्हल किट’ हे ॲनिमेशन शिकवणारं पुस्तक समोर उघडं. हिशेब सोपा वाटतो: सेकंदाला २४ फ्रेम (म्हणजे पडद्यावरची एकेक चौकट), साध्या चालीत एका पावलाला १२. मी दोन टोकांची चित्रं काढली, मधली भरली, आणि माणूस ओल्या फरशीवरून घसरल्यासारखा सरकत गेला! पुन्हा पुस्तक. वजन पायावर आलं की अंग खाली जातं, दुसरा पाय पुढे नेताना वर येतं. माझ्या माणसाचं डोकं मात्र सरळ रेषेत.

संध्याकाळी मंडईत लोकांची डोकीच बघत फिरले. भाजीवाल्या मावशी म्हणाल्या, “काय गं, कुणी हरवलंय का?”

त्या पुस्तकातच डिस्नेचे ॲनिमेटर मिल्ट काहल यांचा किस्सा आहे. काम करताना शास्त्रीय संगीत ऐकता का, असं विल्यम्सनी विचारलं तर ते भडकलेच. एका वेळी दोन गोष्टींचा विचार करण्याइतकी हुशारी आपल्यात नाही म्हणाले. काहल म्हणजे डिस्नेच्या दिग्गजांपैकी एक, बरं का. आणि मी दिवसभर कानात गाणी कोंबून बसलेली.

आता रात्रीचे अकरा. इअरफोन ड्रॉवरमध्ये. डावा पाय जरा सुधारलाय.